अडतीस इनिंगचं उत्तर

एवेलिओ फुंडोराला हवानापासून लांबच्या आमच्या गावात सगळे 'प्रोफे' म्हणत. शाळेत त्याने एक दिवसही शिकवलं नव्हतं; साखर कारखान्यात उसाच्या वजनकाट्यावर त्याची उभी हयात गेली होती. पण बेसबॉलचा कुठलाही आकडा विचारा, त्याला वही उघडावी लागत नसे. सकाळी बागेतल्या बाकांवर म्हाताऱ्यांची भांडणं जुंपायची, हातवारे व्हायचे, एकमेकांच्या सात पिढ्या निघायच्या आणि शेवटी कोणीतरी ओरडायचं, "थांबा रे, प्रोफेला येऊ द्या!" मग तो सायकलवरून उतरायचा, पँटला लावलेला कपड्याचा चिमटा काढून खिशात टाकायचा आणि निकाल द्यायचा.

कोनरादो मारेरो अमेरिकेतल्या मोठ्या लीगमध्ये पहिल्यांदा उतरला तेव्हा केवढा होता? "एकोणचाळिसाव्या वाढदिवसाला चार दिवस कमी." टोनी ओलिवाचं खरं नाव काय? "पेद्रो. भावाच्या कागदांवर तिकडे गेला आणि मग जन्मभर भावाचंच नाव लावून बसला. पहिल्या दोन्ही पूर्ण मोसमांत लीगचा सगळ्यात चांगला फलंदाज. तेही भावाच्याच नावावर."

मी प्रांतिक रेडिओ केंद्रात ध्वनियंत्रणाचं काम करायचे. रविवारी सकाळी अकरा वाजता प्रोफेचा प्रश्नांचा कार्यक्रम असायचा. काचेच्या अलीकडे मी आणि माझी बटणं, पलीकडे तो आणि त्याचा माइक. त्या तासाला बाजारपेठेतून चालत गेलात तर कार्यक्रमाचा एक शब्दही चुकायचा नाही, इतक्या खिडक्यांतून तो ऐकू यायचा. वीज असेल तर, अर्थात.

फक्त त्याच्या स्वतःच्या घरची खिडकी गप्प असायची. त्याची बायको सेनाइदा आमच्याच केंद्रात कॉफी करायची, झाडलोट करायची. रविवारी ती रेडिओ लावत नसे. "आठवडाभर तुमचीच टकळी ऐकते," ती म्हणायची. पण खरं कारण आम्हाला सगळ्यांना माहीत होतं.

त्यांचा मुलगा ऑस्नियेल आमच्या प्रांताच्या संघाचा पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा, होता. चौऱ्याण्णवच्या मोसमात त्याने सलग अडतीस आणि वर एक-तृतीयांश इनिंग समोरच्या संघाला एकही धाव दिली नाही. एका इनिंगला तीन गडी बाद करायचे, म्हणजे अडतीस इनिंग आणि वर आणखी एक गडी. आमच्या संघात त्याच्या आधी कोणी असं केलं नव्हतं, नंतरही नाही. पाचवा सामना चालू असताना कारखान्यातल्या लोकांनी भोंगा वाजवला होता. पुढच्या वर्षी संघ मेक्सिकोला खेळायला गेला. परत आला तेव्हा बसमधून एक माणूस कमी उतरला; ऑस्नियेल तिथूनच अमेरिकेला पळून गेला होता.

त्यानंतर ऑस्नियेल फुंडोरा नावाचं कोणी आमच्याकडे कधी खेळलंच नव्हतं. स्टेडियमच्या भिंतीवर त्याचं चित्र होतं, त्यावर चुना फासला गेला. आकड्यांच्या पुस्तिकेच्या नव्या आवृत्तीत सलग इनिंगच्या रकान्यात सेकुंदिनो अर्रेचेआचं नाव आलं, एकतीस इनिंग. कोणती नावं घ्यायची नाहीत याची यादी कागदावर कधीच नव्हती. आमचे संचालक अबेलार्दो सोतोलोंगो मोसमाच्या सुरुवातीला आम्हाला खोलीत बोलावून, दार लावून, तोंडी सांगायचे. त्या वर्षी ऑस्नियेलचं नाव आलं तेव्हा त्यांनी प्रोफेकडे पाहिलं नाही, खिडकीबाहेर पाहत नाव घेतलं. प्रोफेने मान हलवली. सेनाइदा कॉफीचा ट्रे घेऊन दाराबाहेर उभी होती.

प्रोफेला कार्यक्रमावरून काढलं नाही, हेच खूप झालं असं लोक म्हणायचे. त्याने स्वतःपुरता एक मार्ग काढला होता. खोटं बोलायचं नाही आणि खरंही बोलायचं नाही. सलग इनिंगचा प्रश्नच विचारायचा नाही. होसे मेंदेसने एकोणीसशे आठ साली सिनसिनाटीच्या संघाला लागोपाठ पंचवीस इनिंग कोरडं ठेवलं होतं. इतका सुंदर प्रश्न, पण साडेतीन वर्षांत तो एकदाही त्याच्या तोंडून आला नाही. त्यातून कोणी फोन करून विचारलं असतं, "आणि आपल्या संघात सगळ्यात जास्त कोणाच्या?" तर?

अठ्ठ्याण्णवच्या नोव्हेंबरात संघाच्या वर्धापनदिनाचा खास कार्यक्रम ठरला. वर्षभराच्या स्पर्धेची अंतिम फेरी, स्टुडिओत प्रेक्षक आणि बक्षिसाला चिनी पंखा. पंख्याची बातमी पसरली तशी पासांसाठी झुंबड उडाली. या खेपेला प्रश्न वरून मंजूर होऊन यायचे होते.

शनिवारी दुपारी मी एका केबलच्या मागणीवर सही घ्यायला सोतोलोंगोंच्या खोलीत गेले तर प्रोफे आत उभा होता. हातात टाइप केलेला कागद.

"हा शेवटचा प्रश्न मी विचारू शकत नाही, अबेलार्दो."

"का? अवघड आहे?"

"का ते तुला माहितेय."

सोतोलोंगोंनी मला बाहेर जायला सांगितलं नाही. कदाचित कोणीतरी तिथे असावं असं त्यांना वाटलं असेल. "सेकुंदिनोला बोलावलंय," ते म्हणाले. "त्याच्या नावाची पाटी लागणार आहे स्टेडियममध्ये. म्हणून तो प्रश्न. मी नाही घातलेला. वरून आलाय."

"मग उद्या मला बरं वाटणार नाही."

"प्रोफे, बस जरा."

"मी उभाच बरा आहे."

सोतोलोंगोंनी ड्रॉवर उघडून एक अर्ज काढला आणि टेबलावर ठेवला. उलटा वाचता येत होता मला: सेनाइदाचं नाव. ऑस्नियेलला अमेरिकेत, टँपात, मुलगी झाली होती. आजीला महिनाभर तिकडे जायचं होतं. त्यासाठी जिथे नोकरी आहे तिथलं पत्र लागायचं, आणि ते पत्र म्हणजे सोतोलोंगोंची सही.

"हे मंगळवारी जायचंय," ते म्हणाले. "मी सही करणार आहे. मला करायचीच आहे. अकरा वर्षं तिच्या हातची कॉफी पितोय मी. पण आदल्या रविवारी, नेमका त्याच प्रश्नाला तू आजारी पडलास तर वरचे लोक मला विचारतील, काय भानगड आहे? आणि मग दोन दिवसांनी त्याच घरातल्या बाईला मी पत्र दिलं तर? तूच सांग, मी काय उत्तर देऊ?"

प्रोफे अर्जावरच्या नावाकडे पाहत होता.

"एक प्रश्न आहे रे. कोणीतरी सेकुंदिनो म्हणेल, तू 'बरोबर' म्हण, पंखा दे आणि घरी जा. दुसरं उत्तर देणार कोण? सगळ्यांना कळतं."

"सगळ्यांना कळतं," प्रोफे म्हणाला. कागदाची घडी घालून त्याने खिशात ठेवली. बाहेर व्हरांड्यात त्याने मला विचारलं, "मिर्ता, अंतिम फेरीत कोण आहे गं?"

"डॉक्टर लेयवा, दातांचे. आणि हॉर्टेन्सिया बकायाओ."

त्याचा चेहरा उतरला. "कपडे धुणारी?"

"हो."

हॉर्टेन्सिया म्हणजे सत्तरीला टेकलेली, आडव्या बांध्याची, खणखणीत आवाजाची बाई. तीस वर्षं तिने संघाचे कपडे धुतले होते. कोणाच्या पँटला कुठल्या गुडघ्यावर माती लागते यावरून तो कसा घसरतो हे ती सांगायची. पुस्तिका तिने कधी हातात धरली नव्हती. तिला वाचायला चष्मा लागायचा आणि चष्मा मिळत नव्हता. तिचे सगळे आकडे डोळ्यांनी पाहिलेले आणि कानांनी ऐकलेले. चुन्याचा हात त्यांच्यापर्यंत पोचला नव्हता.

रविवारी साडेदहालाच स्टुडिओ भरला. भिंतींना अंड्यांचे पुठ्ठे, खिडकी नाही, वातानुकूलन बंद पडून चार वर्षं झालेली. बारा खुर्च्यांवर सतरा माणसं. बक्षिसाचा पंखा टेबलावर होता, पण लावता येत नव्हता, आवाज माइकमध्ये आला असता. लोक त्याच्याकडे पाहत पुठ्ठ्याने वारा घेत होते. पहिल्या रांगेत सेकुंदिनो अर्रेचेआ अवघडून बसलेला, सहा फुटांचा गडी, इस्त्रीचा शर्ट, गुडघे टेबलाला लागत होते. अकराला दार लागलं, वर लाल दिवा पेटला. तो दिवा पेटला की तासभर कोणी आत येत नसे, बाहेर जात नसे.

सोतोलोंगो माझ्या मागे उभे राहिले. असे ते कधी उभे राहत नसत.

सुरुवात झोकात झाली. हॉर्टेन्सियासमोर सायकलची घंटा होती, डॉक्टरांसमोर डबा आणि चमचा.

"एकोणीसशे तेवीस साली सिनसिनाटीकडून सत्तावीस सामने जिंकणारा आपला पिचर?"

घंटा. "अदोल्फो लुके! आणि डोकं गरम! भांडायचं निमित्तच शोधायचा."

"स्वभाव विचारला नव्हता," प्रोफे म्हणाला. लोक हसले.

"वीस साली हवानात क्रिस्तोबाल तोर्रियेंतेने एकाच सामन्यात तीन होमरन मारले. समोरच्या संघात बेब रूथ होता. त्याने त्या दिवशी किती मारले?"

डबा. "शून्य," डॉक्टर म्हणाले.

"लागोपाठच्या दोन सामन्यांत समोरच्याला एकही हिट न देणारा आपला पिचर?"

दोन्ही एकदम वाजले. डॉक्टरांचा चमचा आधी होता. "आकिनो आब्रेउ. सहासष्टचा जानेवारी."

"चमचा मारायला काय जातंय," हॉर्टेन्सिया पुटपुटली. "दात उपटून उपटून हात सैल झालाय."

"बाई, तुमचे उपटले तेव्हा बोलायला पाहिजे होतं हे!"

सगळे खदखदून हसले, सेकुंदिनोसुद्धा. प्रोफेच्या चेहऱ्यावरही थोडं हसू आलं. आकडे चालू असले की तो असाच सुटायचा, जणू बाकी सगळं दाराबाहेर राहिलंय. पुढचा मार्तिन दिहिगोचा प्रश्न हॉर्टेन्सियाने मारला: रंगामुळे त्याला अमेरिकेतल्या मोठ्या लीगमध्ये पाय ठेवू दिला नाही, आणि मेल्यानंतर त्याच लोकांनी त्याला आपल्या महान खेळाडूंच्या दालनात नेऊन बसवलं. "सत्त्याहत्तर साली," ती म्हणाली. "फार घाई केली त्यांनी."

गुण बरोबरीत आले. घड्याळात अकरा पन्नास. प्रोफेने खिशातून घडी काढली, उलगडली, मांडीवर सपाट केली. मला माइकमधून त्याचा श्वास ऐकू येत होता.

"शेवटचा प्रश्न," तो म्हणाला. "आपल्या प्रांताच्या संघात... एकही धाव न देता... सलग सगळ्यात जास्त इनिंग टाकण्याचा विक्रम. कोणाचा आणि किती?"

डॉक्टरांचा चमचा हातातच राहिला. त्यांनी खाली पाहिलं. मला शपथेवर सांगता येईल, त्यांना दोन्ही उत्तरं माहीत होती.

घंटा वाजली.

"अडतीस आणि एक-तृतीयांश," हॉर्टेन्सिया म्हणाली. "आणि कोणाचा काय विचारता, प्रोफे? तुमच्याच ऑस्नियेलचा!"

ती हे लाडाने म्हणाली. बापाला पोराचं कौतुक करायची संधी दिली, इतक्या सहज. तिच्या मनात दुसरं काहीच नव्हतं.

सोतोलोंगोंचा हात माझ्या खांद्यावर पडला. "काप." मी लगेच कापलं नाही. किती वेळ गेला ते मी नंतर टेपवर मोजलं: चार सेकंद. त्या चार सेकंदांत आख्ख्या प्रांताने ते नाव ऐकलं. मग माझ्या बोटांनी बटण खाली ओढलं आणि दुसऱ्या हाताने मी दान्सोनची, आमच्याकडच्या जुन्या नाचाच्या संगीताची, एक तबकडी चालू केली. हे माझ्याच बोटांनी केलं, खांद्यावरच्या हाताने नाही, हे मी तेव्हापासून कोणापुढे लपवलेलं नाही.

सोतोलोंगो आत गेले. तबकडी तीन मिनिटांची होती. काचेतून आणि माझ्यापुरत्या उघड्या ठेवलेल्या माइकमधून मला सगळं ऐकू येत होतं.

"तांत्रिक अडचण," ते लोकांना म्हणाले. "बसा, बसा. बाई, उत्तर चुकलं तुमचं."

"माझं?" हॉर्टेन्सिया उभी राहिली. "त्याची पँट मी धुतली आहे! त्या पाचव्या सामन्यानंतर त्याने आपला शर्ट धुवू दिला नव्हता मला, नशीब निघून जाईल म्हणून. वास मारत होता शर्ट! आणि माझं चुकलं?"

"पुस्तिकेत एकतीस आहे."

"मग पुस्तिका धुवायला टाका!"

कोणी हसलं नाही. सेकुंदिनो मान खाली घालून बसला होता. कानशिलं लाल. तो हळूच म्हणाला, "माझ्या एकतीस खऱ्या आहेत. मी टाकल्यात. मी कोणाच्या घेतलेल्या नाहीत."

"तुला कोण काय म्हणतंय, बाळा," हॉर्टेन्सिया म्हणाली. "तू बस."

एक म्हातारा दाराकडे सरकला, पण वरचा दिवा लाल होता आणि सवयीने तो परत खुर्चीपाशी आला. सोतोलोंगो वाकून प्रोफेच्या कानाशी बोलले. माइक तिथेच होता. "मंगळवार," एवढंच म्हणाले. "एवेलिओ, मंगळवार."

प्रोफे टेबलावरच्या पंख्याकडे पाहत होता. मग त्याने माझ्याकडे पाहिलं, काचेतून. मला वाटलं, तो मला काही विचारतोय. मी काय करणार होते? मी बोटांनी दाखवलं: वीस सेकंद.

दान्सोन संपला. मी बटण वर केलं.

"श्रोतेहो," प्रोफेचा आवाज नेहमीसारखाच होता, हे मला सगळ्यात भयंकर वाटलं. "उत्तर चूक आहे. विक्रम सेकुंदिनो अर्रेचेआ यांचा. एकतीस इनिंग. पंखा डॉक्टर लेयवा यांना." आणि मग, ठरल्याप्रमाणे, "पुढच्या रविवारी, अकरा वाजता."

लाल दिवा विझला. कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत. सेकुंदिनो सगळ्यांच्या आधी बाहेर पडला. हॉर्टेन्सियाने आपली पिशवी उचलली, प्रोफेसमोर आली, त्याच्या तोंडाकडे नीट पाहिलं आणि निघून गेली. डॉक्टरांनी पंखा नेला, पण काखेत असा धरला होता जणू कोणाचा चोरून नेतायत.

प्रोफे घरी पोचला तेव्हा सेनाइदा पाटावर युकाचे कंद सोलत बसली होती. तिने रेडिओ लावला नव्हता. लावायची गरजच नव्हती. डावीकडच्या, उजवीकडच्या, समोरच्या अशा सगळ्या खिडक्यांतून तिने ऐकलं होतं, मुलाचं नावही आणि नवऱ्याचं 'चूक' पण. हे तिनेच मला पुढे सांगितलं. तिने त्याला ताट वाढलं. तो जेवला नाही, तर तिने झाकून ठेवलं.

मंगळवारी सही झाली.

बुधवारी प्रोफे मला म्हणाला, "पोरी, माझ्याबरोबर चल. एकटा गेलो तर ती मला हाकलून देईल."

हॉर्टेन्सियाच्या अंगणात दोरीवर चादरी वाळत होत्या. ती हौदापाशी उभी राहून घासत होती. आम्हाला पाहून तिने पाठ फिरवली नाही, पण घासायचंही थांबवलं नाही.

"बाई, मी माफी मागायला आलोय," प्रोफे म्हणाला.

"पंखा डॉक्टरला मिळाला ना? मग झालं. त्याच्या खुर्चीत बसलेल्या लोकांना वारा लागेल."

"पंख्याबद्दल नाही." मग त्याने तिला सगळं सांगितलं. अर्ज, सही, नात. सांगताना तो चादरींकडे पाहत होता.

हॉर्टेन्सियाचे हात थांबले. साबणाचा फेस कोपरावरून ओघळत होता.

"मग मला आधी सांगायचं नाही का, माणसा?" ती म्हणाली. "शनिवारी यायचं. मी चुकीचं उत्तर दिलं असतं! 'सेकुंदिनो' म्हटलं असतं, काय माझी जीभ झडणार होती? सेनाइदा जाणार आहे हे मला माहीत असतं तर मी 'बेब रूथ'सुद्धा म्हटलं असतं!"

प्रोफे तिच्याकडे पाहतच राहिला. शनिवारची आख्खी दुपार, संध्याकाळ, रविवारची सकाळ. चार गल्ल्यांचं अंतर. त्याच्या मनात आलंच नव्हतं की जाऊन सांगता येईल. माझ्याही आलं नव्हतं. व्हरांड्यात त्याने मला नाव विचारलं, मी सांगितलं आणि आम्ही दोघं आपापल्या वाटेने निघून गेलो. इतकी वर्षं आम्ही कोणी कोणाला काही सांगत नव्हतो, की सांगण्याची सोयच डोक्यातून गेली होती.

तो हौदाच्या कठड्यावर बसला आणि रडला. हॉर्टेन्सियाने ओले हात झग्याला पुसले आणि त्याच्या डोक्यावर ठेवले. "उठा आता," ती जरा वेळाने म्हणाली. "लोकांना वाटेल मी मारलं."

सेनाइदा फेब्रुवारीत गेली. जाताना विमानतळाच्या बसपाशी अर्धी गल्ली आली होती, आणि प्रत्येकाच्या मनात एकच होतं: ही परत येते कशाला. प्रोफेच्याही असावं. पण एकोणतिसाव्या दिवशी ती परत आली, दोन पिशव्या आणि नातीचे फोटो घेऊन.

ऑस्नियेल तिकडे फरश्यांच्या गोदामात कामाला होता. खांदा दुसऱ्याच वर्षी गेला; मोठ्या लीगचा दरवाजाही त्याने पाहिला नाही. गोदामात कोणाला माहीतही नव्हतं की तो कधी चेंडू टाकायचा. म्हणजे तो आकडा तिकडे कोणाला ठाऊक नव्हता आणि इकडे कोणाला उच्चारता येत नव्हता.

"त्याला सांगितलंस?" प्रोफेने पहिल्याच दिवशी विचारलं.

"काय?"

"त्या रविवारचं."

"नाही."

"का?"

"तुझं तू सांग," सेनाइदा म्हणाली. "मी काय तुझी निरोप्या आहे? तुझ्या त्या एका शब्दावर मी जाऊन आले, ते ओझं मी वाहतेय. ते दुसरं तुझं."

सांगायचं कसं? ऑस्नियेलचा फोन महिन्यातून एकदा यायचा, शेजारच्या एनेइदाच्या घरी. तिच्या घरात सात माणसं. फोन भिंतीवर, दूरदर्शनच्या शेजारी. लाइन कोण ऐकतंय ते देवाला ठाऊक. प्रोफे दर महिन्याला जायचा, म्हणायचा, "बरा आहेस? मुलगी बरी आहे? आम्ही बरे आहोत," आणि रिसीव्हर सेनाइदाकडे द्यायचा.

एप्रिलमध्ये तो राजीनामा घेऊन सोतोलोंगोंकडे गेला. कागद त्याने माझ्याकडून टाइप करून घेतला होता, आणि आत काय बोलणं झालं तेही त्यानेच मला सांगितलं.

"हे नको करूस," सोतोलोंगो म्हणाले.

"मला नाही जमत आता. आवाज फुटत नाही."

"तुझा आवाज उत्तम आहे. अरे, तू आत्ता सोडलास तर लोक काय म्हणतील? त्या रविवारमुळे सोडला. मग वर विचारतील, त्या रविवारी काय झालं? चार सेकंद झाले, प्रोफे. चार. मी लिहून दिलंय, बटण अडकलं. मिर्ताची नोकरी त्या वाक्यावर आहे. माझीसुद्धा. आणि पुढच्या वर्षी सेनाइदाला परत नात बघायची असेल ना?" त्यांनी राजीनामा परत केला. चुरगाळला नाही, फाडला नाही. नीट दुमडून दोन्ही हातांनी दिला. "मला तरी कुठे जाता येतंय इथून," ते म्हणाले.

प्रोफे रविवारी आला. त्याच्या पुढच्याही रविवारी आला. फक्त त्याचे प्रश्न जुने होत गेले. आधी साठच्या दशकापर्यंत आले, मग चाळीसच्या, मग त्याच्याही मागे. तरुण श्रोते कुरकुर करायचे, "प्रोफे, आता जन्मलेल्या कोणाबद्दल विचारा की!" तो म्हणायचा, "पुढच्या वेळी."

पुढच्या जानेवारीत, एका शनिवारी दुपारी, एनेइदाच्या घरी फोन आला. हे मला एनेइदानेच सांगितलं. संध्याकाळपर्यंत आख्ख्या गल्लीला माहीत होतं. तिचा नवरा डॉमिनो खेळत होता, मुलं दूरदर्शनपुढे. प्रोफेने रिसीव्हर घेतला. नेहमीसारखं "बरा आहेस?" म्हटलं. आणि मग तसाच उभा राहिला. सेनाइदाने हात पुढे केला, त्याने रिसीव्हर दिला नाही.

"ऑस्नियेल," तो म्हणाला, मोठ्याने, माइकवर बोलतो तसा. "मी रेडिओवर तुझं नाव चूक म्हणालो."

एनेइदाच्या नवऱ्याने डॉमिनोची सोंगटी हातात तशीच धरली. कोणीतरी दूरदर्शनचा आवाज बंद केला.

"अडतीस आणि एक-तृतीयांश असं उत्तर आलं होतं आणि मी चूक म्हणालो. हो. चौदा महिने झाले. हो, तुझी आई यायच्या आधी. त्यासाठीच."

मग तो बराच वेळ ऐकत राहिला. पलीकडून काय बोलणं झालं ते एनेइदाला ऐकू आलं नाही. शेवटी प्रोफे म्हणाला, "माहीत आहे. सांगायला पाहिजे होतं. आता सांगतोय." आणि रिसीव्हर सेनाइदाला दिला.

घरी जाताना सेनाइदाने त्याला विचारलं, तो काय म्हणाला? प्रोफे म्हणाला, "म्हणाला, 'आई आली, माझ्यासाठी ते बास आहे.' आणि म्हणाला, 'पण बाबा, तुम्ही चौदा महिने मला नुसतं बरा आहेस का विचारत होतात.'"

सेनाइदाने त्याचा दंड धरला. गल्लीत, लोकांसमोर, असं तिने कित्येक वर्षांत केलं नव्हतं.

कोणी तक्रार केली नाही. सात माणसांच्या घरातून, इतक्या खिडक्यांतून, एकही शब्द सोतोलोंगोंपर्यंत पोचला नाही. किंवा पोचला असेल आणि त्यांनी खिडकीबाहेर पाहिलं असेल. दुसऱ्या दिवशी रविवार होता. प्रोफे पावणेअकराला आला, रुमालाने माइक पुसला, कागद मांडीवर सपाट केले. दार लागलं, लाल दिवा पेटला. मी बटण वर केलं आणि त्याने पहिला प्रश्न विचारला. एकोणीसशे आठ सालचा होता, इतकी वर्षं त्याने टाळलेला. होसे मेंदेसने सिनसिनाटीला लागोपाठ किती इनिंग कोरडं ठेवलं?